सतरा हात

१

मी घाबरट आहे. कुकरची शिटी झाली तरी माझ्या हातातलं भांडं पडतं. तेव्हा मी जे ऐकलं त्यातलं थोडं कमी करून घेतलंत तरी माझी हरकत नाही. कित्येक दिवस मी स्वतः तेच करत होते.

रोह्याला एका कंपनीच्या लॅबमध्ये मी पाणी तपासते. आठवडाभर शिफ्ट, आणि एकाआड एक रविवारी सकाळच्या गाडीनं पेण, तिथून प्रविणच्या सहा आसनी रिक्षानं खारवंडे. खारवंड्यात माझी आत्या राहायची, काशीबाई. मी वर्षाची असताना आई गेली, तेव्हापासून मला तिनंच वाढवलं. सहा वर्षांपूर्वी बाबा गेले आणि त्या घरात ती एकटी उरली.

आमच्या गावाच्या एका अंगाला भातशेती आणि दुसऱ्या अंगाला खाडी. मध्ये मातीचा बांध. उधाणाची भरती आली की खाडीचं पाणी शेतापेक्षा उंच चढतं, बांधाला टेकून उभं राहतं. दगडी बांध बांधून विसरता येतो, मातीचा येत नाही. खेकडे त्याला भोकं पाडतात, ऊन भेगा पाडतं. कुणीतरी त्याच्यावरून रोज चालावं लागतं, भोकात चिखल कोंबावा लागतो. म्हणून घराघराला बांधाचा वाटा नेमून दिलेला होता, हातानं मोजून. आमच्या घराचा वाटा सतरा हात.

अमावस्या-पौर्णिमेला भरती दुपारी साडेबाराच्या सुमाराला भरते. त्या वेळी बांध कुठं पाझरायला लागला की कान्हू राखणदार उघाडीवर, म्हणजे पाणी सोडायच्या फळ्यांच्या दारावर, उभा राहून त्या वाट्याच्या घराला हाक मारायचा. घरातून ओ यायची. ज्यानं ओ दिली त्यानं घमेलं उचलायचं आणि निघायचं. तव्यावर भाकरी असली तरी. ओ देऊन घरात बसायचं नाही, एवढा एकच नियम होता. आम्हां पोरांचा तो खेळ होता; पोराची ओ घरातल्या मोठ्याच्या नावावर जायची. हाक ऐकली की आधी कोण ओ देतं? बहुतेक वेळा मीच द्यायची, आणि आत्या हसत घमेलं घेऊन निघायची. "हिनं दिली, आता मला जायला पायजे."

मी दहावीत असताना कान्हू गेला. त्याच्या जागी कुणी आलं नाही. बाप्ये शिफ्टला जायला लागले, काहीजण जोहे-हमरापूरला मूर्तींच्या कामावर. बांधाचं काम ठेक्यावर गेलं. एकदा दगडांचे दोन डंपर आले आणि एकाच जागी ओतून गेले. बांधाबाहेरची तिवरांची झाडी, जी लाटेचा जोर मोडायची, ती कुणी तोडली, काही नुसतीच सुकली. अडतीस घरांपैकी सहा घरांत चूल पेटत होती.

तर त्या रविवारी आषाढी पौर्णिमा... गुरुपौर्णिमा म्हणतात ती. आम्ही दोघी ओटीवर बसून जवळा निवडत होतो. भरती भरत आली होती. आणि शेजारच्या हरेशदादाच्या घरातून आवाज आला.

"ओ."

आखूड. तोंडात घास असताना देतात तशी.

माझ्या मांडीवरचं सूप उपडं झालं.

"सांडलास ना जवळा," आत्या म्हणाली.

"आत्या, हरेशदादाकडं कोण आलंय?"

"कोण येणार? तीन वर्षं कुलूप हाय."

"ओ दिली आत्ता कुणीतरी."

आत्या निवडत राहिली. तिची बोटं थांबली नाहीत, हे मी मुद्दाम बघितलं.

"मग दिली असंल," ती म्हणाली. आणि जरा वेळानं, "उचल गो तो जवळा. मांजर येईल."

२

मी स्वतःला समजावलं. मोबाइल असेल. रस्त्यावरून कुणी जाताना बोललं असेल. बंद घरात आवाज घुमतो, त्यामुळे बाहेरचा आवाज आतून आल्यासारखा वाटू शकतो. आणि हाक तर मी ऐकलीच नव्हती. हाक नसताना ओ कुठून येईल?

तरी मी हरेशदादाच्या घराकडं गेले. कुलूप गंजलेलं होतं आणि कडीपासून चौकटीपर्यंत कोळ्यानं जाळं विणलेलं होतं, अखंड. माझा जीव भांड्यात पडला. मग मी उगाचच खिडकीच्या फटीतून आत बघितलं.

भिंतींना गुडघ्यापर्यंत लोणा लागला होता, पांढरा, मिठासारखा. खाली जमीन ओलसर. समोरच्या भिंतीत खिळा आणि खिळ्याला घमेलं टांगलेलं. त्याच्या काठावरून चिखलाचं पाणी ठिबकत होतं. टप्. मग बराच वेळ काही नाही. मग टप्. खाली जमिनीवर गोल ओला डाग पडला होता, आणि छपरातून गळत असेल म्हणून मी वर बघितलं तर कौलं कोरडी होती. तीन दिवस पाऊस उघडला होता.

पळत परत आले. फोन काढून हरेशदादाला लावला. त्याच्या बायकोनं, वनितावहिनीनं उचलला.

"ते ना गो, जेवतायत. आत्ता नाय बोलू शकत."

"एक मिनिट दे ना. घराबद्दल विचारायचंय."

"आत्ता नाय बोलू शकत," ती परत म्हणाली, जरा घाईनं. "एक वाजल्यावर लाव."

एक वाजता लावला नाही. काय विचारणार होते? तुझं घमेलं ओलं का आहे?

३

सोमवारी माझी दुसरी शिफ्ट होती, म्हणून रात्री राहिले. सकाळी सातला पूर्ण ओहोटी झाली तसं आत्यानं घमेलं डोक्यावर घेतलं.

"डॉक्टर काय म्हणाले होते?" मी दारात आडवी उभी राहिले. "वजन उचलायचं नाही. छातीचा काढलेला फोटो दाखवू?"

"डॉक्टर पेणला ऱ्हातो. त्याच्या दारात खाडी नाय."

मी घमेलं हिसकावून घेतलं आणि तिच्याबरोबर निघाले. वाटेत विमलबाई भेटली. ती आत्याच्या वयाची, त्या सहा घरांतली एक.

"काय गो, शिकलेली पोर आज चिखलात?" ती म्हणाली. "बघ हां, नेलपॉलिश जाईल."

बांधावर आत्यानं पायानं जागा दाखवली. "हा आपला वाटा. त्या खुंटीपासून या खुंटीपातूर." आतल्या बाजूचा चिखल घ्यायचा, दोन्ही हातांनी गोळा करायचा, भोकात कोंबायचा आणि तळव्यानं दाबायचा. आत्या दाबायची तेव्हा तोंडानं बारीक 'हं' करायची. माझे गोळे सुटत होते. तिच्या श्वासाची शिट्टी वाजायला लागली तशी मी तिला बळंच खाली बसवलं.

तेव्हा माझं लक्ष पुढं गेलं. आमच्या वाट्यापलीकडं हरेशदादाचा वाटा, त्याच्यापुढं आणखी बंद घरांचे वाटे. सगळ्यांवर ताजा चिखल होता. अजून ओला, चकाकणारा. त्याच्यावर पंजे उमटलेले.

"हे कुणी केलं? तू करतेस सगळ्यांचं?"

"मी आपलाच करते. तेवढाच जमतो."

"मग?"

आत्या खाडीकडं बघत होती. सुकलेल्या तिवरांच्या खोडांवर बगळे बसले होते.

"ओ दिलेली ऱ्हाते गो," ती म्हणाली. "देऊन जे आले नाय त्यांची."

मी काहीतरी शास्त्रीय बोलणार होते. पण तेवढ्यात मला आमच्याच वाट्यावर, खालच्या अंगाला, आम्ही अजून हात न लावलेल्या जागी एक पंजा दिसला. उजवा, रुंद. त्याच्या तर्जनीचं वरचं पेर नव्हतं.

बाबांचं बोट मिठागरावर असताना गेलं होतं. मला ते लहानपणी फार आवडायचं. झोपताना मी ते मुठीत धरून ठेवायची.

"आत्या."

"बघितलंस?" ती म्हणाली. "मी रोज बघते. एकदाच, गो. तू तापानं फणफणली होतीस, दोन वर्षांची. तुझ्या बापानं, जनूनं, सवयीनं ओ दिली नी मग तुला टाकून जाववेना त्याला. मीच गेले त्या दिवशी. पण ओ त्याची होती."

मी त्या पंज्यावर हात ठेवला नाही. ठेवायला हवा होता, असं आता वाटतं. तेव्हा मी एवढंच ठरवलं की हिला इथून न्यायचं. एकटं राहून माणसाच्या डोक्यात काहीही शिरतं, आणि मग ते दुसऱ्याच्याही डोक्यात शिरतं. शिवाय नारळी पौर्णिमेचं उधाण वर्षातलं मोठं. बांध एवढा पोखरलेला, हिचं काळीज असं. हाक आली तर ही घमेलं घेऊन धावणार, आणि परत येणार नाही.

"नारळ देऊन मग येते तुझ्याकडं," आत्या शेवटी कबूल झाली. "खाडीला नारळ दिल्याबिगर नाय यायची."

४

अमावस्येला मी जोह्याला हरेशदादाला भेटायला गेले. लॅबमधून अर्धी रजा घेतली. कारण असं सांगितलं की घरात गणपती बसवायचाय, मूर्ती बघायचीय.

कारखान्यात दाटीवाटीनं मूर्ती मांडलेल्या होत्या, अजून न रंगवलेल्या, पांढऱ्या. डोळे नसलेले एवढे चेहरे एकदम बघून मी दारातच थबकले. हरेशदादा कोपऱ्यात स्टुलावर बसून आखणी करत होता, म्हणजे डोळे काढत होता. त्याचा हात चांगला होता म्हणून मालकानं त्याला तेच काम दिलेलं.

"कोण, मृणाली? ये गो. आज खाडी सोडून डोंगराकडं कशी?"

तसाच होता, हसरा. फक्त बारीक झाला होता. वनितावहिनीनं चहा आणून दिला. इकडच्या तिकडच्या गप्पा झाल्या. मग मी घराचा विषय काढला, आणि तो ब्रश पाण्यात बुडवून ढवळत राहिला. तेव्हा मी त्याची नखं बघितली.

दहाच्या दहा नखांत काळा गाळ होता, खोल, मुळापर्यंत.

"शाडू हाय," तो पटकन म्हणाला आणि मुठी मिटल्या.

शाडू काळी नसते. आणि मी रोज पाण्याच्या बाटल्या हुंगते. खाडीच्या गाळाला नासक्या अंड्यासारखा वास येतो, तो मला झोपेतही ओळखता येईल.

"दादा, तू ओ दिली होतीस?"

त्यानं वहिनीकडं बघितलं. वहिनी आत गेली.

"गणपतीच्या तोंडावरचे दिवस होते," तो हळू बोलायला लागला. "ऑर्डर राहिलेली. मी गावाहून निघायच्या तयारीत, बॅग हातात. कान्हू जाऊन वर्षं झालेली, तरी हाक आली. तोंडातून गेलीच ओ. पण गाडी चुकली असती. म्हटलं, दुसरं कोणीतरी बघंल. निघून आलो."

"मग काय झालं?"

"काय नाय झालं. बांध राहिला. काय म्हणजे कायच नाय. मी म्हटलं, बघ, उगाच भ्यायलो." तो हसला. "तुला सांगतो, तुला जर हाक ऐकायला आली ना, तर एक तर..."

तो थांबला. तोंड उघडंच होतं. ओठ हलले, जीभ हलली, गळ्यावरची शीर ताणली गेली. आवाज आला नाही. अजिबात नाही, घोगराही नाही. तो मला काहीतरी सांगत होता, डोळे माझ्यावर रोखून, अगदी नीट, एक एक शब्द. मी उठून मागं सरकले आणि माझ्या कोपराचा धक्का लागून एका मूर्तीचा हात तुटला.

भिंतीवरच्या घड्याळात बारा वाजून पंचवीस मिनिटं झाली होती. बाहेर अमावस्येची भरती भरत असणार, इथून सात-आठ किलोमीटरवर.

वनितावहिनी पडद्याआडून म्हणाली, "होईल आत्ता. एक वाजला की बोलतील."

मी एकपर्यंत थांबले नाही.

५

नारळी पौर्णिमेला मी सकाळी नऊलाच प्रविणची रिक्षा गावात आणून उभी केली. आत्याची एक बॅग, एक गोणी तांबड्या भाताची, देवाचा डबा.

"आत्याबाई, पुऱ्या गावाला घेऊन चला," प्रविण म्हणाला. "सीट रिकाम्या हायत."

"गाव मावतोय होय तुझ्या खटाऱ्यात?"

पण आत्या निघेना. आधी कोंबड्या विमलबाईकडं. मग मागच्या तळ्यातल्या जिताड्यांना शेवटचं खायला. चार मासे होते, हातभर लांब. तिची सावली पडली की वर यायचे. मग नारळाला हळदकुंकू. सहा घरांची माणसं बांधावर जमली, नारळ सोडले, कुणाच्या तोंडात गाणं नव्हतं. पाणी बांधाच्या माथ्यापासून वीतभर खाली होतं आणि अजून चढत होतं. आत्याला ओढत मी रिक्षापर्यंत आणलं तेव्हा बारा वीस झाले होते.

"बस आत्या. बस ना!"

तिनं एक पाय आत टाकला, आणि हाक आली.

उघाडीच्या फळ्यांतून पाणी शिरताना एक लांब, पोकळ आवाज होतो. तसाच होता तो. तेवढाच असता तर मी काही म्हटलं नसतं. पण त्याला अक्षरं होती. आधी एका घराचं नाव, आणि त्या कुलूपबंद घरातून ओ. मग दुसरं नाव. ओ. घरं वरच्या आळीपासून ओळीनं आमच्याकडं येत होती. बायकांच्या ओ, म्हाताऱ्यांच्या, एक खोकत दिलेली. हरेशदादाची, तोंडात घास असल्यासारखी.

मग हाक आमच्या दाराशी आली. "जनूच्या घरा होऽऽ."

आत्यानं श्वास आत घेतला. मी तो ऐकला, छातीतल्या शिट्टीसकट. ही ओ देणार आणि धावणार. मी झडप घालून तिच्या तोंडावर हात दाबला, घट्ट. तिचे ओठ माझ्या तळव्याला लागले, आणि माझ्याच तोंडातून गेलं.

"ओ."

सवयीनं. दुसरं काही कारण नाही. माझ्या आवाजाखाली आणखी एक जाड आवाज होता असं मला वाटलं, पण ते मी नक्की सांगू शकत नाही.

आत्यानं माझा हात हळूच बाजूला केला.

"दिलीस?"

"चुकून गेली. चल तू. प्रविण, रिक्षा काढ."

"मग जायला पायजे, बाय. चल, मी येते संगती. दोघी मिळून कितीसं लागंल?"

"आत्या, पाणी बघ किती आहे! मरशील तिथं!"

"मग मला एकटीला सोड. घराची ओ हाय. कोणीतरी जायला पायजे."

मी तिला सोडलं नाही. दोन्ही हातांनी आवळून रिक्षात बसवलं आणि तिच्या मांडीवर भाताची गोणी ठेवली, उठता येऊ नये म्हणून. हे मी केलं. प्रविणनं आरशात बघितलं नाही, गाण्याचा आवाज वाढवला आणि रिक्षा काढली. आत्या मुख्य रस्त्याला लागेपर्यंत मान वळवून मागं बघत होती.

आम्ही पेण स्टेशनवर असतानाच विमलबाईचा फोन आला. वाऱ्यानं शब्द तुटत होते.

"खांड गेली गो! बांध फुटला! माणसं वाचली सगळी, आम्ही रस्त्यावर आलो." मग ती रडायला लागली. "तुमच्याच वाट्यात, मृणाली. तुमच्या सतरा हातांत."

६

लावलेलं भात गेलं. विहीर खारट झाली. तळ्यातले जिताडे पाण्याबरोबर निघून गेले. विमलबाई कोलाडला मुलीकडं गेली, बाकीचे कुठं कुठं. पुढच्या आठवड्यात खारवंड्यात एकही चूल नव्हती.

रोह्याच्या माझ्या खोलीत आत्या खिडकीशी बसून राहायची. खिडकीतून समोरच्या बिल्डिंगची पाइपलाइन दिसते. ती माझ्यावर रागावली असती तर मला बरं वाटलं असतं. ती फक्त विचारायची, "आज तिथी काय?"

श्रावणी अमावस्येला दुपारी साडेबाराला लॅबमध्ये मॅडमनी मला एक रीडिंग विचारलं. मी तोंड उघडलं. आकडा माझ्या डोक्यात होता, जिभेवर होता. आवाज नव्हता. मी घसा धरून बाथरूममध्ये पळाले आणि रबराचे हातमोजे ओढून काढले. सकाळपासून घातलेले, सीलबंद पाकिटातले मोजे. आतली दहा नखं काळी होती.

चिमूटभर गाळ कोरून काढला, डिस्टिल्ड वॉटरमध्ये कालवला, क्लोराइडचं, म्हणजे मिठाचं, प्रमाण मोजलं. आकडा कुठं लिहिला नाही.

संध्याकाळी घरी आले तशी आत्यानं माझा हात ओढून घेतला. खराट्याची काडी घेऊन एक एक नख कोरायला लागली, लहानपणी कोरायची तशी. निघालेला गाळ वाटीत जमवला. नाकाशी नेला.

"वरचा हाय," ती म्हणाली. "अजून खांडीचा तळ नाय लागला. तळाचा याच्याहून काळा असतो, चिकट."

"आत्या, मला भीती वाटते."

"वाटणारच गो. एकटीनं करतेयस ना."

तेवढंच. मग माझा हात मांडीवर घेऊन तसाच धरून बसली. भाद्रपदी पौर्णिमेला तिनं दुसऱ्यांदा वाटी भरली. त्यानंतर आठ दिवसांनी, सकाळी चहा उकळत असताना, ती खिडकीशी बसल्या बसल्याच गेली. मी आतून दोनदा हाक मारली होती, "आत्या, साखर किती घालू?" तिनं ओ दिली नाही. आयुष्यात पहिल्यांदा.

७

सर्वपित्री अमावस्येला मी खारवंड्याला गेले. सकाळी हरेशदादाला फोन केला, कुठं जातेय ते सांगितलं. तो मग म्हणाला, "बघतो. येतो म्हणजे... येतो."

प्रविणनं मला रस्त्याच्या टोकाला सोडलं. "थांबू?" त्यानं विचारलं. मी नको म्हटलं. पेणहून घेतलेलं नवं घमेलं त्यानं खाली काढून दिलं आणि काही न विचारता गेला.

शेतं नव्हती, पाणी होतं. सपाट, राखाडी, मध्ये घरांची छपरं. रस्ता उंच आहे म्हणून तेवढा कोरडा. मी दगडावर बसून साडेबाराची वाट बघितली. बगळे नव्हते. बेडूक नव्हते. भाताच्या दिवसांत इथं एवढा आवाज असतो की घरात ओरडून बोलावं लागतं.

मग हाक आली, आणि घरांनी ओ दिली, एकामागून एक. मी डोळे मिटून घेतले. जनूच्या घरा होऽऽ. गुडघाभर पाण्यात उभ्या असलेल्या आमच्या घरातून बाबांनी ओ दिली. सहा वर्षांनी मी त्यांचा आवाज ऐकत होते. त्यांच्यामागोमाग माझी ओ आली, उतावळी, जिंकल्यासारखी. मी इथं दगडावर बसले होते. तोंडावर हात धरून, घशात काहीच नसताना.

मी आणखी एका आवाजाची वाट बघितली. पाणी उतरायला लागलं तरी बघितली. तो आला नाही. आत्यानं जेव्हा जेव्हा ओ दिली तेव्हा तेव्हा ती गेली होती. तिचं इथं काहीच राहिलं नव्हतं. ती सुटली, याचा आनंद व्हायला हवा होता. मी त्या दगडावर बसून खूप रडले, आवाज न करता, कारण आवाज नव्हताच.

पाचनंतर ओहोटीनं खांड उघडी पडली. मी चपला काढल्या. बांधाच्या तुटलेल्या टोकांच्या मधे घोट्याएवढं पाणी वाहत होतं. आमच्या खुंट्या गेल्या होत्या, पण जागा कळत होती. मी चिखल घेतला. पहिला गोळा सुटला. दुसरा धरला. तो मी तुटलेल्या टोकाशी ठेवला आणि आत्यासारखा तळव्यानं दाबला.

पलीकडून दाब आला.

जोराचा नाही. गोळा माझ्याकडं घसरू नये, एवढाच. मऊ चिखलातून तो माझ्या तळव्याला कळत होता. चार बोटांच्या जागा, आणि एक जागा अर्धी.

मी वर बघितलं नाही. बघितलं असतं तर पळाले असते, मी मला ओळखते. मी तशीच दाबून राहिले. मग मागं, बांधाच्या लांबीवर, आवाज यायला लागले. थप्. थप्. ओल्या चिखलावर तळवे पडल्याचे, जवळून, लांबून. त्यातला एक हरेशदादाचा असेल. त्यानं येतो म्हटलं होतं.

मी मोजले नाहीत. उजेड होता तोवर पुढचा गोळा उचलला.